वारसाचं नाव सातबाऱ्यावर लागायला एवढा वेळ का जातो?

माणूस जाऊन वीस-पंचवीस वर्षं होतात, वर्षश्राद्धंही थांबतात, पण सातबाऱ्यावर तो अजून खातेदारच असतो. घरात कुणाला त्याची अडचण वाटत नाही. शेत कसलं जातं, ऊस कारखान्याला जातो, शेतसारा कुणीतरी भरतो. मग एखाद्या दिवशी रस्त्यासाठी भूसंपादनाची नोटीस येते, किंवा धाकट्याला पीक कर्ज हवं असतं, आणि सगळे एकमेकांना विचारतात: नावं लागली नव्हती का?

कागदावर हे काम सोपं आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम १४९ प्रमाणे वारसाने जमीन मिळालेल्याने तीन महिन्यांत तलाठ्याला कळवायचं. वाद नसेल तर त्यापुढे महिना-दीड महिन्यात नोंद पूर्ण व्हायला हरकत नाही. तरी कित्येक घरांत त्यात वर्षं जातात, काही घरांत पिढ्या. तलाठी कार्यालयाला दोष देणं सोपं आहे आणि बऱ्याचदा तो बरोबरही असतो. पण माझ्या मते सर्वात जास्त वर्षं जातात ती एका वेगळ्याच कारणाने. वारस नोंद (सगळ्या वारसांची नावं लावणं), हक्कसोड (एखाद्याने आपला हिस्सा सोडणं) आणि वाटप (जमीन वाटून घेणं) ही तीन वेगळी कामं आहेत, आणि आपण ती एकाच दिवशी, एकाच बैठकीत उरकायला बसतो. तिसऱ्यावर भांडण झालं की पहिलंही अडतं.

आधी एक गैरसमज दूर करायला हवा. मालकी तलाठी देत नाही. मृत्युपत्र नसेल तर माणूस ज्या क्षणी जातो त्याच क्षणी त्याची मिळकत कायद्याने वारसांची होते. सातबारा हा महसुली अभिलेख आहे, सारा कुणाकडून वसूल करायचा हे सरकारला कळावं म्हणून ठेवलेला. फेरफाराने, म्हणजे या अभिलेखातल्या बदलाच्या नोंदीने, मालकी हक्क निर्माण होत नाही आणि संपतही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेक निकालांत सांगितलं आहे. संहितेचं कलम १५७ एवढंच म्हणतं की अभिलेखातली नोंद, उलट सिद्ध होईपर्यंत, खरी मानावी.

याचे दोन अर्थ निघतात आणि दोन्ही उपयोगाचे आहेत. तुमचं नाव लागलेलं नाही म्हणून तुमचा हक्क गेला, असं होत नाही. तीन महिन्यांची मुदत टळली तरी होत नाही. आणि भावाने गुपचूप एकट्याचं नाव लावून घेतलं म्हणून तो एकटा मालकही होत नाही. वारस नोंदीला मुद्रांक शुल्क लागत नाही, आणि वारसा कर तर आपल्या देशात १९८५ पासून नाहीच. म्हणजे पैशाच्या दृष्टीने उशीर करण्यासारखं काही नाही.

मग नोंद करायचीच कशाला? कारण बँक, विकास सोसायटी, भूसंपादन अधिकारी आणि खरेदीदार हे सगळे सातबाराच बघतात. पीएम किसानचा नियम असा की १ फेब्रुवारी २०१९ नंतर नावावर झालेल्या जमिनीवर लाभ मिळत नाही, अपवाद फक्त वारसाने आलेल्या जमिनीचा. तो अपवाद दाखवायलाही वारस नोंदीचा फेरफारच लागतो. ॲग्रिस्टॅक या शेतकऱ्यांच्या सरकारी डिजिटल नोंदणीचा शेतकरी ओळख क्रमांकसुद्धा सातबाऱ्यावरच्या नावाला जोडलेला. मेलेल्या माणसाचा ओळख क्रमांक निघत नाही.

कागद कुठून कुठे जातो

वारसांपैकी कुणीही एकाने अर्ज केला तरी चालतो. तलाठ्याकडे (आता पदनाम ग्राम महसूल अधिकारी, पण गाव अजून भाऊसाहेबच म्हणतं) किंवा ई-हक्क या सरकारी संकेतस्थळावरून घरबसल्या. सोबत मृत्यूचा दाखला, सर्व वारसांची नावं, वय, पत्ता आणि मृताशी नातं सांगणारं प्रतिज्ञापत्र किंवा स्वयंघोषणापत्र, ओळखीचे पुरावे आणि ज्या ज्या गटांत मृताचं नाव आहे त्यांचे सातबारे व आठ-अ (खात्याचा उतारा).

इथून पुढे दोन टप्पे आहेत. बहुतेकांना एकच माहीत असतो, आणि उशिराचं एक कारण त्यातच आहे.

पहिल्या टप्प्यात अर्ज गाव नमुना ६-क मध्ये, म्हणजे वारसांच्या नोंदवहीत चढतो. तलाठी गावात चौकशी करतो: सांगितलेले वारस खरे आहेत का, कुणी सुटलंय का. मग मंडळ अधिकारी, म्हणजे सर्कल, वारस कोण ते ठरवून ठराव मंजूर करतात. दुसऱ्या टप्प्यात त्या ठरावावरून तलाठी गाव नमुना ६ मध्ये, म्हणजे फेरफार नोंदवहीत नोंद धरतो. तिला फेरफार क्रमांक मिळतो. कलम १५० प्रमाणे चावडीवर आणि सर्व हितसंबंधितांना नमुना ९ ची नोटीस निघते. हरकतीसाठी पंधरा दिवस असतात. हरकत आली नाही तर मंडळ अधिकारी नोंद प्रमाणित करतात, जुनं नाव कंसात जातं, म्हणजे रद्द होतं, आणि वारसांची नावं लागतात.

म्हणजे एकच कागद तलाठ्याकडून सर्कलकडे दोनदा जातो. अर्जदार मात्र ‘वारस ठराव झाला’ असं ऐकून खूश होऊन घरी बसतो. ठराव झाला म्हणजे अर्धं काम झालं. फेरफार क्रमांक पडला का, आणि तो प्रमाणित झाला का, हे दोन प्रश्न वेगळे विचारावे लागतात. ‘आपली चावडी’ या संकेतस्थळावर गावातले प्रलंबित फेरफार आणि त्यांच्या नोटिशीची तारीख दिसते. तलाठ्याला फोन करण्याआधी तिथे बघितलं तर बोलणं नेमकं होतं.

एका नावाची दहा नावं

समजा, सांगली जिल्ह्यातलं एक घर. आजोबांची स्वकष्टार्जित पाच एकर जमीन. ते १९८८ साली मृत्युपत्र न करता गेले. मागे आजी, तीन मुलगे, दोन मुली. हिंदू उत्तराधिकार कायदा, १९५६ प्रमाणे हे सहाही जण वर्ग १ चे वारस, प्रत्येकाला एक षष्ठांश. त्याच महिन्यात नोंद केली असती तर सहा नावं लागली असती. काम संपलं असतं.

केली नाही. १९९६ मध्ये आजी गेली, तिचा एक षष्ठांश पाच मुलांत विभागला गेला आणि प्रत्येकाचा हिस्सा एक पंचमांश झाला. २००९ मध्ये थोरला मुलगा गेला. त्याच्या मागे बायको, दोन मुलगे, एक मुलगी. त्याचा पंचमांश या चौघांत, प्रत्येकी विसावा हिस्सा. २०१७ मध्ये धाकटी मुलगी गेली. तिचा नवरा आणि दोन मुलं तिचे वारस, प्रत्येकी पंधरावा हिस्सा. आज मोजा: थोरल्याकडचे चार, हयात दोन भाऊ, हयात एक बहीण, आणि गेलेल्या बहिणीकडचे तीन. एका नावाच्या जागी दहा नावं, आणि एका मृत्यूच्या दाखल्याऐवजी चार दाखले.

मृत्यूंचा क्रम बदलला तर हिस्सेही बदलतात, हे मुद्दाम सांगायला हवं. थोरला आजीच्या आधी गेला असता तर त्याच्या हिश्श्यात आईही वारस झाली असती, कारण मुलाच्या मिळकतीत आई वर्ग १ मध्ये येते (वडील येत नाहीत, ते वर्ग २ मध्ये. पुष्कळांना हे ऐकून आश्चर्य वाटतं). म्हणून कोण कधी गेलं याच्या तारखांसकट वंशावळ लिहून काढल्याशिवाय अर्ज करू नये. चुकीच्या क्रमाने केलेला अर्ज परत येतो, आणि परत आलेला अर्ज पुन्हा रांगेच्या शेवटी जातो.

हे गणित स्वकष्टार्जित जमिनीचं. वडिलोपार्जित, म्हणजे सहदायकी जमिनीत हिस्सा जन्माने येतो आणि हिशोब वेगळा होतो. पण कुणाचं नाव लागायचं हा प्रश्न आणि कुणाचा हिस्सा किती हा प्रश्न वेगळे आहेत. तलाठ्याचं काम पहिल्याशी. हिश्श्यावर एकमत होत नसेल तर ते दिवाणी न्यायालयाचं काम, आणि त्यासाठी नावं लावणं थांबवायची गरज नसते.

ताईची सही

घरोघरी उशीर होतो तो इथे.

“ताई, तेवढी सही करून टाक. तुझं नाव लावलं की पुन्हा काढायचा खर्च.”

“मी नको कुठं म्हणतेय? पण आधी वाचू तर दे, दादा.”

हे संभाषण दहा वर्षं चालू राहतं आणि तेवढी दहा वर्षं सातबारा आजोबांच्या नावावर राहतो. भावांना वाटतं, बहिणींची नावं लावायचीच नाहीत. त्यांनी आधी हक्क सोडावा, मग आपण आपली नावं लावू. कायद्याचा क्रम याच्या बरोबर उलटा आहे. आधी सगळ्या वारसांची नावं लागतात. मग ज्याला आपला हक्क सोडायचा आहे तो नोंदणीकृत हक्कसोडपत्र करतो. त्यावरून दुसरा फेरफार होतो. साध्या कागदावर किंवा नोटरीसमोर लिहून दिलेली ‘मला हिस्सा नको’ अशी संमती हक्कसोड ठरत नाही. स्थावर मिळकतीतला हक्क सोडायचा तर दुय्यम निबंधकाकडे दस्त नोंदवावाच लागतो. वारसाने आलेल्या मिळकतीत जवळच्या नातलगांच्या नावे अशा दस्ताला मुद्रांक नाममात्र आहे, त्यामुळे ‘पुन्हा काढायचा खर्च’ हे कारण टिकत नाही.

प्रतिज्ञापत्रात बहिणींची नावं गाळणं हा प्रकार अजून होतो. तेवढ्यापुरतं काम पटकन होतं. मग बहीण प्रांतांकडे (उपविभागीय अधिकाऱ्यांकडे) अपील करते, नोंद रद्द होते, आणि खोटं प्रतिज्ञापत्र केल्याचा विषय वेगळा उभा राहतो. जुन्या सातबाऱ्यांवर मुलींची नावं इतर हक्काच्या रकान्यात टाकलेली दिसतात, किंवा थोरल्याच्या नावापुढे ‘ए.कु.मॅ.’, म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर, लिहून बाकी सगळ्यांना त्या तीन अक्षरांत बसवलेलं असतं. त्या तीन अक्षरांमागे किती जण आहेत हे आज शोधायचं तर जुना फेरफार काढावा लागतो. कधीकधी तो जीर्ण कागद तहसीलच्या अभिलेख कक्षात असतो, कधी नसतोही.

मुलींच्या हक्काबद्दल आता शंकेला जागा उरलेली नाही. महाराष्ट्राने १९९४ मध्येच, तोवर लग्न न झालेल्या मुलींना, सहदायक केलं. देशभरासाठी ९ सप्टेंबर २००५ ची दुरुस्ती आली. त्या तारखेला वडील हयात असायला हवेत का, यावर पंधरा वर्षं उलटसुलट निकाल आले, आणि त्या काळात कितीतरी नोंदी हरकतीत अडकल्या. अखेर ११ ऑगस्ट २०२० रोजी विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की मुलीचा हक्क जन्माने आहे, वडील २००५ मध्ये हयात असण्याची अट नाही.

आणखी एक अडथळा अज्ञान वारसांचा. अठरा वर्षांखालील मुलाचं नाव पालकासह लागतं, सातबाऱ्यावर ‘अ.पा.क.’ म्हणजे अज्ञान पालनकर्ता म्हणून. नोंदीला त्याने काही अडत नाही. पण त्याचा हिस्सा विकायचा किंवा सोडायचा तर न्यायालयाची परवानगी लागते, आईची सही पुरत नाही. ज्या घरात हक्कसोडीशिवाय नोंदच करायची नाही असं ठरलेलं असतं, तिथे मग मूल अठरा वर्षांचं होईपर्यंत सगळेच थांबतात.

वाटप हे तिसरं काम. कलम ८५ खाली सर्वांच्या संमतीने तहसीलदारांकडे वाटप करून घेता येतं, पोटहिस्से पडतात, सातबारे वेगळे होतात. संमती नसेल तर दिवाणी दावा. त्या दाव्यात न्यायालय हिस्से ठरवतं, आणि शेतसारा भरणाऱ्या जमिनीचं प्रत्यक्ष वाटप करायला हुकूमनामा पुन्हा जिल्हाधिकाऱ्यांकडे जातो. म्हणजे दोन दारं, आणि दोन्हीकडे तारखा. विहिरीची पाळी, बांधावरचं आंब्याचं झाड आणि रस्त्याकडेचा तुकडा कुणाचा, हे वाद त्या वाटेत मिटवा. वारस नोंद त्यासाठी रोखून धरू नका.

दाखला आहे, पण नाव जुळत नाही

घराकडून सर्वाधिक अडणारा कागद म्हणजे मृत्यूचा दाखला. मृत्यू २१ दिवसांत नोंदवायचा असतो. एक वर्ष उलटून गेलं तर नुसता ग्रामसेवक तो नोंदवू शकत नाही. २०२३ च्या दुरुस्तीनंतर त्यासाठी जिल्हाधिकारी, उपविभागीय दंडाधिकारी किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या कार्यकारी दंडाधिकाऱ्याचा आदेश लागतो. १९८८ साली शेतातच गेलेल्या आजोबांचा मृत्यू कुणी नोंदवला नसेल तर आधी ते प्रकरण, मग वारस नोंद. फार जुन्या मृत्यूंसाठी तहसीलच्या अभिलेख कक्षात कोतवाल नोंदवही किंवा गाव नमुना १४ मध्ये उल्लेख सापडतो का ते बघावं. बेपत्ता माणसाचं वेगळंच. सात वर्षं काही खबर नसेल तर मृत्यू गृहीत धरता येतो, पण तसं जाहीर करून घ्यायला दिवाणी न्यायालयात जावं लागतं.

दाखला असला तरी नाव जुळेलच असं नाही. सातबाऱ्यावर बाळू, दाखल्यावर बाळासाहेब, आधारवर बाळकृष्ण. मुलीचं माहेरचं नाव वंशावळीत, सासरचं नाव ओळखपत्रावर, आणि या दोन्ही व्यक्ती एकच आहेत असं सांगणारा कागद कुठेच नाही. तलाठी अर्ज परत करतो आणि त्यात त्याची चूक नसते. दोन्ही नावं एकाच व्यक्तीची असल्याचं प्रतिज्ञापत्र, लग्नाचा दाखला, शाळा सोडल्याचा दाखला, गरज पडली तर राजपत्र, यातलं जे मिळेल ते अर्जासोबतच जोडावं. त्रुटी निघाल्यावर जोडू, असं म्हटलं की महिना गेला.

विकास सोसायटीचा बोजा, म्हणजे कर्जाची नोंद, आहे म्हणून नोंद होणार नाही, असंही गावात सांगितलं जातं. बोजा असला तरी वारस नोंद होते, बोजा वारसांच्या नावासोबत पुढे येतो एवढंच.

कार्यालयाची बाजू

एका सज्जात, म्हणजे एका तलाठ्याच्या हद्दीत, अनेकदा दोन-तीन गावं असतात, आणि जागा रिकामी असेल तर शेजारच्या सज्जाचा अतिरिक्त कार्यभारही. २०२३ मध्ये राज्याने ४,६४४ तलाठी पदांची जाहिरात काढली, त्यावरून किती खुर्च्या रिकाम्या होत्या याचा अंदाज यावा. गारपीट झाली की पंचनामे, निवडणूक लागली की मतदार यादी, मग ई-पीक पाहणी, अनुदानाच्या याद्या. या सगळ्यांना वरून तारीख ठरवून आलेली असते. वारस नोंदीला तशी तारीख डोक्यावर नसते, म्हणून ती खाली सरकते. यात सर्व्हर बंद असण्याचे दिवस वेगळे.

संगणकीकरणाने चांगलंही झालं. फेरफार आता क्रमाने आणि तारखेसह दिसतो, रजिस्टर सापडत नाही ही सबब गेली. पण हस्तलिखित सातबारे संगणकात भरताना झालेल्या चुका, चुकलेलं क्षेत्र, गळालेलं नाव, या वारस नोंदीच्या वेळी वर येतात. आधी ती चूक दुरुस्त करा, असं सांगितलं जातं, आणि त्याचा प्रस्ताव कलम १५५ खाली तहसीलदारांकडे जातो. तुम्ही वारसाचा अर्ज केलेला असतो आणि फाईल मात्र आता दुसऱ्याच विषयाची झालेली असते.

सरकारलाही हे साठलेलं दिसत होतं. बुलढाणा जिल्ह्यात आधी झालेला प्रयोग पुढे नेऊन २०२५ च्या एप्रिलपासून राज्यभर ‘जिवंत सातबारा’ मोहीम सुरू झाली. गावातल्या मृत खातेदारांची यादी करायची, चावडीवर वाचायची, वारसांकडून कागद घ्यायचे आणि नोंदी करायच्या. कल्पना उत्तम, कारण इथे पहिल्यांदा कार्यालय वारसाकडे आलं. पण वर सांगितलेली दहा नावांची, चार दाखल्यांची प्रकरणं मोहिमेच्या वेगाने सुटत नाहीत. ताज्या मृत्यूंची सोपी प्रकरणं आधी निकाली निघणं साहजिक होतं.

आणि हो, टेबलाखालचा व्यवहार. तो आहे. बिनवादी नोंदीसाठी पैसे मागितले तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा १०६४ हा क्रमांक आहे. सापळ्यांच्या बातम्यांत वारस नोंदीचा उल्लेख वारंवार येतो, तेव्हा तो क्रमांक नुसता भिंतीवर लिहिण्यापुरता नाही.

हरकत आली तर

पंधरा दिवसांत कुणी लेखी हरकत घेतली की नोंद विवादग्रस्त होते. ती गाव नमुना ६-अ मध्ये जाते आणि तहसीलच्या पातळीवर सुनावणी लागते. निकालावर साठ दिवसांत प्रांतांकडे अपील, पुढे जिल्हाधिकारी किंवा अपर जिल्हाधिकाऱ्यांकडे दुसरं अपील, मग आयुक्तांकडे पुनरीक्षण, आणि काही प्रकरणं मंत्रालयापर्यंत. एवढ्या पायऱ्या चढूनही शेवटी मिळते ती फक्त नोंद. मालकीचा वाद खराच असेल तर दिवाणी न्यायालय चुकत नाही. म्हणून हरकत आली की पहिला प्रश्न स्वतःला विचारावा: समोरच्याचं म्हणणं ‘हा वारसच नाही’ असं आहे, की ‘मला रस्त्याकडेचा तुकडा हवा’ असं? दुसरं असेल तर ती वारस नोंदीवरची हरकतच नव्हे, आणि सुनावणीत तसं लेखी मांडावं.

मृत्युपत्र असेल तर त्यावरून नोंद होते, पण बाकीच्या वारसांना नोटीस जातेच. मृत्युपत्राची नोंदणी सक्तीची नाही, दोन साक्षीदार मात्र हवेत. ते खरं की खोटं हे ठरवण्याचा अधिकार सर्कलला नाही. कुणी त्याला आव्हान दिलं की महसूल अधिकारी दिवाणी न्यायालयाकडे बोट दाखवतो, आणि ते योग्यच आहे.

कुठला वारस दाखला?

‘वारस दाखला आणा’ असं जो तो सांगतो, पण कुठला ते सांगत नाही. निदान तीन वेगळे कागद या नावाने ओळखले जातात. एक, तलाठी-सर्कलचा वारस ठराव, जो सातबाऱ्यासाठी. दोन, दिवाणी न्यायालयाचा वारस दाखला. त्याचा कायदा चक्क १८२७ चा आहे, मुंबई रेग्युलेशन क्रमांक ८, कंपनी सरकारच्या काळातला आणि अजून चालू. अर्ज केला की जाहीर नोटीस निघते, हरकतीला मुदत मिळते, कुणी आलं नाही तर दाखला. तीन, भारतीय उत्तराधिकार कायदा, १९२५ च्या कलम ३७२ खालचं सक्सेशन सर्टिफिकेट, जे ठेवी, शेअर, येणी अशा जंगम मिळकतीसाठी असतं. ते घेऊन तलाठ्याकडे जाण्यात अर्थ नाही आणि वारस ठराव घेऊन बँकेत जाण्यातही फारसा नाही. बिनवादी सातबाऱ्याला न्यायालयाचा दाखला लागत नाही. कुणी मागितलाच तर कुठल्या नियमाखाली, हे लेखी द्या म्हणावं.

बँकेचं काम त्या मानाने आटोपशीर. नॉमिनी असेल आणि कागद पूर्ण असतील तर पंधरा दिवसांत दावा निकाली काढावा, असा रिझर्व्ह बँकेचा दंडक आहे. पण नॉमिनी म्हणजे मालक नव्हे. विम्याच्या बाबतीत १९८३ मध्ये (विमा कायद्याच्या २०१५ च्या दुरुस्तीआधी) आणि शेअरच्या बाबतीत १४ डिसेंबर २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितलं: नॉमिनी पैसे स्वीकारतो, वाटणी वारसा कायद्याने. गृहनिर्माण सोसायटीतही तसंच. २०१९ च्या दुरुस्तीनंतर सहकार कायद्यात स्पष्ट तरतूद आहे की नॉमिनीला तात्पुरता सभासद करायचं. कायमचा सभासद कोण ते मृत्युपत्र, वारस दाखला किंवा वारसांमधला कौटुंबिक करार यावरून ठरेल. शहरातल्या जमिनीसाठी सातबाऱ्याऐवजी मिळकत पत्रिका आणि तलाठ्याऐवजी नगर भूमापन कार्यालय, गावठाणातल्या घरासाठी ग्रामपंचायतीचा नमुना ८. एकाच माणसाच्या मागे ही सगळी दारं वेगवेगळी ठोठवावी लागतात. शेताची नोंद झाली म्हणजे घराचीही झाली, असं नसतं.

गोव्यातली पद्धत मुळातच निराळी. तिथे २०१२ चा स्वतःचा उत्तराधिकार कायदा आहे. विशेष नोटरीसमोर वारसांचा दस्त होतो, आणि वाटपासाठी न्यायालयात इन्व्हेंटरी प्रक्रिया चालते. सिंधुदुर्गातल्या ज्या कुटुंबांची जमीन दोन्हीकडे आहे, त्यांना दोन्ही वाटा चालाव्या लागतात.

परदेशात असलेल्या वारसाचं नाव त्याच्या गैरहजेरीतही लागतं, हेही पुष्कळांना ठाऊक नसतं. तो इथे येईपर्यंत थांबायची गरज नाही. ओसीआय कार्डधारकाला (परदेशी नागरिकत्व घेतलेल्या भारतीय वंशाच्या माणसाला) शेतजमीन विकत घेता येत नाही, पण वारसाने मिळू शकते. हक्कसोड किंवा विक्रीसाठी मात्र त्याचं कुलमुखत्यारपत्र लागेल. ते तिकडे वकिलातीत साक्षांकित करून इकडे आल्यावर तीन महिन्यांच्या आत त्यावर मुद्रांक भरावा. ही तीन महिन्यांची गोष्ट विसरली की दंड भरावा लागतो.

अर्ज अडला तर काय करावं

अर्जाची पोच किंवा ई-हक्कचा अर्ज क्रमांक नसेल तर तुम्ही अर्ज केलेलाच नाही असं समजा. तोंडी सांगितलं होतं, याला पुढे कुणी विचारत नाही. महिना उलटून गेल्यावर त्या क्रमांकाचा उल्लेख करून तहसीलदारांना लेखी स्मरणपत्र द्यावं आणि त्याचीही पोच घ्यावी. काही तालुक्यांत फेरफार अदालती भरतात, तिथे बिनवादी नोंदी एका बैठकीत निघतात. ‘आपले सरकार’ संकेतस्थळावर तक्रार करता येते. माहितीच्या अधिकारात दहा रुपये भरून एवढंच विचारावं: माझा अर्ज कुठल्या तारखेला कुणाच्या टेबलावर होता आणि त्यावर काय शेरा आहे? उत्तराला तीस दिवसांची मुदत असते, आणि गंमत अशी की उत्तर येण्याआधीच फाईल हलल्याचे अनुभव लोक सांगतात. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ खाली अधिसूचित सेवा मुदतीत मिळाली नाही तर त्याच खात्यात पहिलं व दुसरं अपील आणि मग आयोगाकडे तिसरं, अशी सोय आहे. चुकणाऱ्या अधिकाऱ्याला दंडही होऊ शकतो. अर्जावर त्रुटी काढली असेल तर ती लेखी मागावी. तोंडी त्रुटी दर भेटीत बदलते.

नोंद प्रमाणित झाल्यावर नवा सातबारा लगेच काढून बघावा. नावाचं शुद्धलेखन, वडिलांचं नाव, सगळे गट क्रमांक आले का, एखादा गट सुटला का, आणि आठ-अ वर खातं नीट तयार झालं का. मृताचं नाव दुसऱ्या गावच्या जमिनीतही असेल तर तिथला अर्ज वेगळा करावा लागतो, इकडची नोंद तिकडे आपोआप जात नाही. काही चुकलं असेल तर त्याच आठवड्यात कलम १५५ चा अर्ज द्यावा, कारण तोवर फाईल तलाठ्याच्या हाताशी असते आणि त्याला प्रकरण आठवतही असतं.